न पेटलेली चूल

मोर्णा नदीच्या पुराची गोष्ट कोणी काढली की मी पान लावायला बसतो आणि विषय बदलतो. एवढी वर्षं तेच केलं. आज लिहून टाकतो.

पूर सगळ्यांच्याच घरात शिरला, असं अकोल्यात सांगतात. खोटं आहे. उंचावरच्या पेठेत फक्त ओटे भिजले. काठावरची कोष्ट्यांची आळी मागांसकट गेली. पाणी उतरल्यावर हुकूम आला, चूल पेटती दिसेल ती जागा राहती धरा, बाकी पडीक. पाहणीला कचेरीतून मी गेलो. कापसाला त्या साली सोन्याचा भाव, दिवाळीच्या आत व्यापाऱ्यांना तो ठेवायला मैदान हवं होतं आणि पडीक ठरलेली जागा त्यांनाच जाणार होती. आळीत चिखल, लाकडं ओली, पेटवणार कशी? एका व्यापाऱ्याने मात्र तिथल्याच आपल्या पडक्या गोठ्यात गड्याकडून तीन दगड मांडले, घरच्या कोरड्या पऱ्हाट्या आणवून पेटवल्या. मी निमूट 'राहती' लिहिलं.

आळीच्या टोकाला एका कोष्टिणीने नवी चूल घातली होती. सारवलेली, गार. तिचा नवरा माग सोडवताना वाहून गेला होता, आदल्याच दिवशी प्रेत सापडलं. मयताच्या घरी तिसरा होईपर्यंत चूल पेटत नाही, भाऊबंद भाकरी आणून देतात, हे मला कोणी शिकवायला हवं होतं? त्याच उन्हाळ्यात वडील गेले तेव्हा मीही शेजारचं पिठलं खाल्लं होतं.

तरी मी तिला म्हटलं, जरासा धूर काढ, लिहितो आणि जातो. ती उठलीसुद्धा नाही.

"भाऊ, तुमच्या घरी मानूस मेलं त तुमी पेटवता का चूल? मंग मले कावून सांगता?"

मला राग आला. 'पडीक' लिहिलं. दोन दिवस थांबलो असतो तर काही बिघडत नव्हतं. मला कोणी दरडावलंही नव्हतं.

तिसरा झाल्यावर तिने चूल पेटवली. व्यापाऱ्याच्या रखवालदाराने चुलीवर घागर ओतली. कापसाजवळ विस्तव चालत नाही म्हणे. कापूस अजून शेतात होता, बोंडंसुद्धा फुटली नव्हती.

बोचकं डोक्यावर घेऊन ती पातूरच्या वाटेला लागली. माझ्या दारात क्षणभर थांबली. मी आतच बसून राहिलो. बायकोने विचारलं, कोण आहे. मी म्हटलं, कोणी नाही.