पहिल्या सोमवारची गोळी

प्रेशरताई ही आरोग्य संशोधन केंद्राची फिरती कर्मचारी. नऊ वर्षं एकच काम: ठरलेल्या चाळीस घरी महिन्याच्या ठरलेल्या दिवशी जायचं, रक्तदाब मोजून वहीत लिहायचा, आणि मीठ कमी करा, चाला, गोळी चुकवू नका, हे पालुपद लावायचं. सगळं पालथ्या घड्यावर पाणी. मीठ कधीच सोडलं म्हणणाऱ्याच्या मांडीवर खाऱ्या दाण्यांची पुडी असायची.

त्या चाळीसांत एक घर थोरल्या भावाचं, आणि तिचा सगळा जीव तिथे. दादा शिंपी. वडील साठीच्या आत अर्धांगवायूने गेले, आणि दादाला यंदा एकोणसाठावं लागलेलं. पण पहिल्या सोमवारी त्याचा आकडा हटकून चांगला. "आमच्या दादाकडून शिका," असं ती घरोघर सांगत फिरायची.

या महिन्यात छत्री त्याच्याकडे विसरली. ती आणायला पंधरा दिवसांनी गेली, तर वहिनी दारातच गोंधळली. "आज कशी काय? तुझा सोमवार तर झाला."

आलेच आहे तर बघू, म्हणून ताईने मोजलं. एकशे नव्वद. पुन्हा मोजलं, तेवढंच. शिलाई मशीनच्या खणात, रिळांखाली, गोळ्यांची न उघडलेली पाकिटं निघाली.

"तुझा दिवस जवळ आला की आठवडाभर घेतो," दादा खाली मान घालून म्हणाला. "आपल्याच घराचा आकडा वाईट आला तर केंद्रात तुला नावं ठेवतील ना."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मापात पाप नको म्हणत ज्याने गिऱ्हाइकाचं बोटभर कापडही ठेवून घेतलं नाही, त्याने स्वतःच्या मापात पाप करावं, तेही तिच्यासाठी? आणि बाकीची एकोणचाळीस घरंही तिचा दिवस बघूनच गोळ्या घेत असतील तर? लोक सल्ला पाळतात, असं केंद्राने छापलं होतं ते तिच्याच वह्यांवरून. तिला रागानेच रडू आलं.

"मला वही नको रे दादा, तू हवास," ती म्हणाली, आणि तशीच त्याला डॉक्टरांकडे घेऊन गेली.

तेव्हापासून कामावर जाताना रोज वाट वाकडी करून ती त्याला गोळी देते. काल तिलाच ताप होता. दुपारी कशीबशी पोचली, तर दादा मशीनपाशी बसलेला. शेजारी पाण्याचा पेला, त्याच्या झाकणावर सकाळची गोळी तशीच.

"घेतली का नाहीस?"

"तू आली नव्हतीस ना," तो म्हणाला.