अटक पूर्वेला हाय म्हणं!

माठ रोज विसळला तरी तळाला गाळ साठतोच. कोर्टातल्या किश्शांचं तसंच. धाराशिवच्या जिल्हा कोर्टात माठ भरायचं काम माझ्याकडं होतं. अक्षर येत नव्हतं, पण कान शाबूत होते! बहात्तरच्या मोठ्या दुष्काळानंतर नवा कायदा आला: पकडायच्या आधीच जामीन! मी बापूवकिलांना म्हणलं, "पोर व्हायच्या आधीच बारसं?"

"व्हय मावशी. फक्त पोर होणार हे जज्जसाहेबांना पटवावं लागतं!"

तामलवाडीच्या एका गड्यावर मारामारीची तक्रार झाली. बापू म्हणले, "तुझा अटकपूर्व टाकू." गडी गायब! सापडला तो पार परंड्यात. "वकीलसाहेब, अटक पूर्वेला म्हणला न्हवं तुमी? म्हणून मी मावळतीला पळालो!"

बापूंनी कपाळ बडवलं. "पळणाऱ्याला कोर्ट जामीन देत न्हाय, येड्या!"

दुसरा एक आला, त्याच्यावर तक्रारच नव्हती. जज्जसाहेबांनी विचारलं, "मग अटकेची भीती कशाची?"

"भावाचं डोकं फोडायचंय, साहेब. पण आधी जामीन मिळू द्या!"

एका सोसायटीचे चेअरमन आले होते. जीपगाड्या, माणसं, नुसता रुबाब! त्यांनी आपल्या शेतावरच्या गड्याला मारल्याची तक्रार होती. साहेबांनी विचारलं, "पळून जाल का?"

"मी कशाला पळू? साक्षीदारसुद्धा माझ्या मुठीत हैत!"

साहेबांनी मान वर न करता सांगितलं, "म्हणूनच अर्ज नामंजूर." एवढा मोठा माणूस, अन् एका वाक्यात खाली!

पण आमच्याच जिल्ह्यातल्या वाशीकडच्या कासीमभाईंची गोष्ट न्यारीच. त्या वर्षी पुन्हा पाऊस रुसला. गाव ऊसतोडीला गेलं. म्हाताऱ्या गाई, भाकड म्हशी सगळ्या कासीमभाईंच्या हवाली. एक दिवस पाणी संपलं. गावातल्याच दाजी पाटलांच्या बांधकामाला टँकर चालला होता. कासीमभाईंनी तो आडवला अन् जनावरांच्या हौदात रिकामा करायला लावला. दाजींनी लुटीची तक्रार ठोकली. कासीमभाई आत गेले असते तर जनावरं दावणीलाच मेली असती. बापूंनी धावत अर्ज टाकला.

सरकारी वकील म्हणले, "हा माणूस फरार होईल."

साहेबांनी कासीमभाईंनाच विचारलं, "पळाल?"

"हुजूर, मी पळालो तर सगळी जनावरं मागं येतील. लपू कुठं?"

सगळे हसले. साहेब हसले नाहीत. कागदाकडं बघत राहिले. अख्ख्या गावाचा जीव त्या पेनाच्या टोकाला आला होता! मग म्हणले, "अर्ज मंजूर. पोलीस बोलावतील तेव्हा हजर राहायचं. जामीनदार कोण?"

कासीमभाईंचा चेहरा उतरला. "हुजूर, माणसं तर समदी उसाला गेलीत. जामीन कोण राहणार?"

सरकारी वकीलसुद्धा खाली बघायला लागले.

तेवढ्यात मागच्या बाकाजवळ काठी वाजली. तक्रार करणारे दाजी पाटीलच उठून उभे!

"मी हाय की गावात. लिवा माझं नाव. माझी म्हैस बी त्याच्याकडंच हाय!"