बिनतिरफळाचं माडगं

भुताखेतांवर माझा विश्वास नव्हता, आजही नाही. निपाणीत मी शिवणकाम करते. माप घेतल्याखेरीज कापडाला कात्री लावत नाही. तरी हे लिहिते आहे, कारण उलगडा होत नाही...

माझी आई प्लेगात गेली, तेव्हा मी चार महिन्यांची होते. कडोलीची माणसं गाव सोडून शेतात झोपड्या घालून राहिली होती, त्यात आमचीही एक. मला निपाणीच्या आत्यानं वाढवलं. ती हा विषय काढू देत नसे. वडिलांना, आप्पांना, विचारलं, की ते तपकिरीची चिमूट ओढायचे आणि म्हणायचे, "व्हती चांगली." चाळीस वर्षांत एवढंच.

गेल्या फाल्गुनात आप्पांनी अन्न सोडलं. मी कडोलीला गेले. दुपारी हुलग्याच्या पिठाचं पातळ माडगं केलं — मीठ, जिरं, लसूण, बस्स. वाटी पुढं केली, तर म्हणाले,

"तिरफळं घातलीस व्हय गं?"

"न्हाय, आप्पा. घरात हायत कुठं तिरफळं? आणि तपकिरीनं मेलेल्या नाकाला तुमच्या कसला वास येतोय?"

"येतोय. तुझ्या आईचं माहेर खानापूरकडं. माशात घालायची तिरफळं ती माडग्यात घालायची. मी चिडवायचो... 'आज मासा पळाला वाटतं.'"

मग ते पहिल्यांदाच बोलले. झोपडीत एका सकाळी आईला ताप भरला. तरी तिनं उठून माडगं केलं. तापाच्या हातचं खायला आप्पा भ्याले. झोपडीमागं जाऊन ओतून आले.

"तिनं बघितलं, पोरी. मला काय बोलली न्हाय. 'लेकराला न्या माझ्याजवळनं', एवढंच म्हणाली."

वाटी त्यांनी बोटानं पुसून संपवली. तिसऱ्या दिवशी गेले.

माडगं केलं त्याच दुपारी भांडी घासायला घेताना डावाला लागलेलं माडगं मी चाटून टाकलं. जीभ बधिर झाली — तिरफळानं होते तशीच. पातेल्यातलं उरलेलं गाळून पाहिलं, घरातले डबे उपसले... तिरफळाची एक साल मिळाली नाही. डॉक्टर म्हणाले, रडून रडून होतं असं. मी रडले नव्हते.

पुढं तिरफळं घालून माडगं केलं, न घालताही केलं. घातली की जीभ बधिरते, नाही घातली की नाही. त्या दुपारचं कारण अजून मला कुणी सांगू शकलेलं नाही.

आईच्या हातचं म्हणून माझ्या वाट्याला आलं ते तेवढंच, डावाला चिकटलेलं. आणि तेही मी घाईत चाटलं.