नाव बोला

आई गुरुवारी सकाळी गेली. आम्हांला शनिवारी कळलं.

मधल्या काळात आम्ही तिला शोधत होतो. ती हरवली नव्हती. जिथे नेलं होतं तिथेच होती. तिचं नाव आम्हांला ठाऊक नव्हतं, एवढंच.

आम्ही तेव्हा घाटकोपरला डोंगरावर राहायचो. आबा एका कारखान्यात हमाली करायचे. मी अकरावीत, म्हणजे तेव्हाच्या मॅट्रिकच्या वर्गात होते. रेशनला मिलो ही परदेशी लाल ज्वारी मिळायची, तिच्या भाकरी आई पहाटे थापायची आणि रुळांच्या पलीकडे, पूर्वेच्या एका सोसायटीत धुण्याभांड्याला जायची.

त्या घरात तिला गंगू म्हणत. तिच्या आधीच्या बाईलाही गंगूच म्हणत. तिच्याही आधीच्या. पहिली कुणीतरी खरोखरची गंगू असावी. आईनं पहिल्या दिवशी सांगितलं होतं, "माझं नाव शेवंता." त्यावर घरच्या बाई म्हणाल्या होत्या, "आता नवीन नाव कुठे तोंडात बसवू? आमच्याकडे कामाला येते ती गंगू."

आई घरी याची नक्कल करायची. पदर खोचून, मान वाकडी करून. आम्ही हसायचो.

त्या बुधवारी दिवेलागण झाली तरी आई परतली नाही. मी त्या बिल्डिंगीत गेले. कामवाल्यांचा जिना मागच्या बाजूला होता. स्वयंपाकघराचं दार बाईंनी अर्धंच उघडलं. हाताला कणीक होती.

"गंगू? अगं, तिला दुपारी चक्कर आली. मोरीतच पडली. अंगात ताप होता म्हणे. वॉचमनबरोबर टॅक्सीनं पाठवलं हॉस्पिटलात. तुम्हांला निरोप नाही मिळाला?"

निरोप द्यायचा कुणी, हे त्यांनी ठरवलंच नव्हतं.

मी विचारलं, "तिथे नाव काय सांगितलंय?"

"काय सांगणार? गंगूच सांगितलं असेल." मग बोटांची कणीक काढत खरोखर उत्सुकतेनं त्यांनी विचारलं, "तिचं दुसरं काही नाव आहे का?"

सहा वर्षं ती त्या घरात जात होती.

खाली वॉचमनला विचारलं. तो म्हणाला, त्यानं तिला हॉस्पिटलच्या बाकावर बसवलं, वॉर्डबॉयला सांगितलं आणि टॅक्सी थांबली होती म्हणून परत आला. नाव त्याला कुणी विचारलं नाही.

मी आबांना घेऊन म्युनिसिपालिटीच्या हॉस्पिटलात गेले. खिडकीत कारकून होता.

"नाव बोला."

आबा डोक्यावरची टोपी नीट करू लागले.

"नाव बोला ना, काका. मागे लाईन आहे."

आबांनी माझ्याकडे बघितलं. त्यांनी आईला कधी नावानं हाक मारली नव्हती. अगं, ए, ऐकलंस का. यावर त्यांचा संसार झाला होता. बायकोचं नाव परक्या माणसासमोर घ्यायची त्यांना लाज वाटत होती. आई वर कुठेतरी तापानं फणफणली असेल आणि आबा लाजत होते. मी त्यांना बाजूला सारलं.

"शेवंता."

त्यानं रजिस्टरात पाहिलं. "नाही."

"मग गंगू म्हणून बघा."

तो हसला. "एकाच बाईची दोन नावं? फरारी आहे काय?"

रांगेतलेही हसले. मी म्हणाले, मला एकदा वर जाऊ द्या, मी बघून येते.

"सगळे तेच बोलतात. उद्या ये चार वाजता, भेटायच्या वेळेला."

आम्ही बाहेर मोकळ्या जागेत उभे राहिलो. वरच्या मजल्यावर बायकांचा वॉर्ड होता. खिडक्यांत दिवे होते. हाक मारावी असं फार वाटलं. पण 'आई' म्हणून ओरडले असते तर वॉर्डातल्या कितीतरी बायकांनी माना वळवल्या असत्या. आणि दुसरं नाव माझ्यापाशी चालणारं नव्हतं. आबा विडी ओढत राहिले. ती वर होती. आम्ही खाली होतो. मग आम्ही घरी गेलो.

गुरुवारी चार वाजता मी बायकांचे सगळे वॉर्ड फिरले. एकेक खाट. एकेक तोंड. पाठ करून झोपलेल्यांच्या पुढे जाऊन पाहिलं. खिडकीजवळची एक खाट रिकामी होती. चादर नुकतीच बदललेली. मी ती खाट पाहिली आणि पुढे गेले.

शुक्रवारी कुणी म्हणालं, मुलुंडच्या दवाखान्यातही बघा. तिथेही ती नव्हती. मुलुंडला माझा मामा राहायचा, एका लहानशा कारखान्यात लेथवर होता. आम्ही त्याच्या खोलीवर गेलो. तो आईहून धाकटा, तिला अक्का म्हणायचा. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"काय नावानं विचारलंत?"

मी सांगितलं.

"गंगू कोण?"

मी तेही सांगितलं.

"अगं, पण अक्काचं नाव यमुना आहे."

मी सोळा वर्षांची होते. आईचं नाव पहिल्यांदा ऐकत होते. शेवंता हे लग्नात ठेवलेलं. सासरी सुनेचं नाव बदलायची रीत, म्हणून बदललं. त्यात कुणाचं भांडण नव्हतं, कुणाची तक्रार नव्हती. मी आबांना विचारलं, तुम्हांला माहीत नव्हतं? ते म्हणाले, "लग्नात ऐकलं असंल. ध्यानात न्हाई ऱ्हायलं."

शनिवारी तीच खिडकी, तोच कारकून. मामा म्हणाला, "यमुना धोंडिबा." धोंडिबा म्हणजे माझे आजोबा, आईचे वडील. कारकुनाचं बोट खाली सरकत गेलं आणि थांबलं. या वेळी तो हसला नाही.

वॉर्डातली आया जिन्यापाशी भेटली. तिला आई आठवत होती.

"ती होय? तापात बडबडत होती. नाव विचारलं तर लगेच बोलली, यमुना. बापाचं पण बोलली. पत्ता विचारला तर गावचा दिला, नदीजवळ घर आहे बोलली. लहान पोरीवाणी बोलायची गं. मी बोलले, कोण येणार आहे का तुझं? तर बोलली, दादा येतील न्यायला."

दादा म्हणजे तिचे वडील. ते वारून कैक वर्षं झाली होती.

आबांचं नाव तिनं घेतलं नाही. माझंही नाही. त्या शेवटच्या रात्री तिचं लग्न झालेलंच नव्हतं. मी जन्मलेच नव्हते. मला तिच्यावर राग धरता आला नाही. आम्ही जिला शोधत होतो ती शेवंता होती. तिथे निजली होती ती यमुना. त्या दोघींची गाठ घालून देईल असं घाटकोपरात कुणी नव्हतं.

वस्तीत शोकसभा झाली. विहारातल्या फळ्यावर खडूनं लिहिलं होतं, कालकथित शेवंताबाई. मी ते पुसून यमुना लिहिलं. मागे बायका कुजबुजल्या, "ही कोण गं यमुना?"

काही दिवसांनी बाईंचा निरोप आला. या वेळी मात्र तो बरोबर पोचला. आईच्या चपला मागच्या दारात राहिल्या होत्या. बाईंनी त्या वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवल्या होत्या. मला आत बोलावलं, ओट्याजवळ उभं केलं.

"फार वाईट झालं. स्वभावानं गरीब होती गंगू." मग म्हणाल्या, "तुझी शाळा दुपारचीच ना? सकाळची येत जा. आम्हांला चांगली शिकलेली गंगू मिळेल."

हे त्या मायेनं म्हणाल्या. थट्टेनं, माझा चेहरा जरा हसरा व्हावा म्हणून.

मी म्हणाले, "माझ्या आईचं नाव यमुना होतं."

"हो का?"

"एकदा म्हणा."

"काय म्हणू?"

"तिचं नाव."

त्या म्हणाल्या नाहीत. गॅस बारीक केला. मग माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "बायकांची नावं बदलतातच गं. मी माहेरची मंदा. इथे येऊन सुलोचना झाले. मी कुठे काही बोलले?"

क्षणभर मला त्यांची दया आली. ती मी टिकू दिली नाही. त्यांच्या दारावर नवऱ्याच्या नावाची पितळी पाटी होती. त्या मोरीत पडल्या असत्या, तर त्यांना शोधायला ती पाटी पुरली असती.

"मी येणार नाही," मी म्हणाले. चपला उचलल्या आणि त्यांच्या दिवाणखान्यातून पुढच्या दारानं बाहेर पडले. कुणी अडवलं नाही.

यानं काही झालं नाही. पुढच्याच आठवड्यात आमच्या गल्लीतली एक बाई त्या घरी गंगू झाली. मी तिला अडवू शकले नाही. तिला घरी लहान पोरं होती.

माझं लग्न ठरताना मी आधीच सांगितलं, नाव बदलणार नाही. दोन स्थळं त्यावर मोडली. तिसऱ्या घरानं मान्य केलं, पण सासूनं मला आजवर नावानं हाक मारलेली नाही. ती 'ए' म्हणते. मी ओ देत नाही. ती पुन्हा 'ए' म्हणते. मी पुन्हा ओ देत नाही. असं चाललंय. असंच चालेल.

आबा गेले. मामा गेला. आईचा फोटो कधी काढलाच नव्हता. चपलांचं चामडं वाळून तडकलं, त्या टाकाव्या लागल्या.

यमुना धोंडिबा. एवढं उरलंय.