आवाज काढून टाकलेले शनिवार

माझे पती गेल्यावर मला सगळ्यात आधी हवासा झाला तो त्यांचा आवाज. चेहरा हवा तेव्हा मिळत होता, फोटो पुष्कळ होते. आवाज मात्र कुठेच नव्हता. व्हॉइस मेसेज पाठवणं त्यांना आवडत नसे. ते सरळ फोन करायचे, आणि फोनवरचं बोलणं साठून राहत नाही.

मी इद्दतीत होते, म्हणजे नवरा गेल्यावरचे चार महिने दहा दिवस घराबाहेर पडायचं नव्हतं. ज्या शाळेच्या लायब्ररीत मी काम करते तिथून रजा मिळाली होती. शारजातल्या अल मजाजमधला आमचा फ्लॅट लहान आहे, पण त्या महिन्यांत तो फार मोठा वाटायचा. आमची एकुलती एक मुलगी नोकरीसाठी अबुधाबीला, खलिफा सिटीत राहते. ती शुक्रवारी संध्याकाळी यायची. एरवी समोरच्या दारातली शेजारीण यायची. ती वसईची, एका हॉटेलात हाउसकीपिंगचं बघते. ड्युटी संपली की डबा घेऊन यायची, मी जेवेपर्यंत बसायची, आणि बोलायला काही नसलं तर हॉटेलातल्या पाहुण्यांनी काय काय चोरून नेलं ते सांगायची.

पतींचा आवाज कुठे असेल तर तो शनिवारांत असेल, असं मला वाटत होतं.

आम्ही दोघंही रायगडच्या किनाऱ्यावरचे. ते हमरिया फ्री झोनमध्ये एका ट्रेडिंग कंपनीत शिपिंगची कागदपत्रं बघायचे. त्यांना एकच नाद होता, हॉलिवूडच्या सुरुवातीच्या दिवसांचा. पुस्तकं मी लायब्ररीतून आणून द्यायची. नट-नट्यांच्या भानगडींत त्यांना रस नव्हता. एक धंदा आपलं गाव सोडून दूर कुठेतरी उघड्यावर जाऊन कसा उभा राहतो, हे त्यांना वाचायचं असे. कॅमेऱ्याचे हक्क अमेरिकेच्या पूर्वेकडच्या मोजक्या बड्या लोकांच्या हातात होते, पैसे न भरता चित्रपट काढणाऱ्यांच्या मागे ते माणसं लावत. म्हणून कितीतरी जण पश्चिमेला, संत्र्यांच्या बागांत जाऊन राहिले. तिथे ऊन भरपूर होतं, आणि तेव्हा चित्रीकरण उन्हातच व्हायचं. लाकडी चौथऱ्यावर तीन भिंती उभ्या करायच्या, छप्पर घालायचंच नाही, वर पांढरं कापड ताणायचं म्हणजे ऊन चेहऱ्यावर मऊ पडतं. अशा दिवाणखान्यात टेबलक्लॉथ हलताना दिसला की त्यांना विलक्षण आनंद व्हायचा. "बघ, बंद खोलीत वारा!" असं म्हणून ते मला कोपराने ढोसायचे. या सिनेमावाल्यांना गावातले लोक राहायला खोल्या देत नसत, हे त्यांनी वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ते बराच वेळ हसले. ते शारजात आले तेव्हा एकटे होते, आणि बिल्डिंगमागून बिल्डिंगवर 'फक्त फॅमिलीसाठी' अशी पाटी असायची. "सगळीकडे तेच," ते म्हणाले. "काम हवं, माणूस नको."

शनिवारी संध्याकाळी ते हॉलच्या भिंतीवरचं घड्याळ काढून ठेवायचे आणि जुन्या प्रोजेक्टरवर एखादा मूकपट लावायचे. प्रेक्षक आम्ही तिघी. शेजारीण चष्मा हमखास घरी विसरायची, म्हणून मध्ये मध्ये येणाऱ्या इंग्रजी पाट्या ते मोठ्याने मराठीत वाचायचे. सुरुवातीला जसं लिहिलं असेल तसं. मग एकदा शेजारीण म्हणाली, "भाई, तुमचा हिरो पाच मिनिटं तोंड हलवतो आणि पाटीवर दोन शब्द? बाकीचं कुठे गेलं?"

"बाकीचं त्याच्या बायकोने ऐकू नये असं होतं."

"मग आम्हाला सांगा ना. आम्ही काय त्याची बायको?"

तेव्हापासून ते बाकीचंही सांगू लागले. खलनायक हिंदीत दरडावायचा, नायिकेची आई आमच्याकडच्या बायकांसारखी टोमणे मारायची, पोलीस अरबीत 'यल्ला, यल्ला', म्हणजे 'चला, चला', करत धावायचे. हा माणूस ऑफिसात दिवसभर दहा वाक्यंही बोलत नसेल. शनिवारी मात्र भिंतीवरची सगळी माणसं तो एकटा बोलायचा. कधी कधी मी चित्र सोडून प्रोजेक्टरच्या उजेडातलं त्यांचं तोंडच बघत बसे.

मुलगी हे फोनवर टिपायची. म्हणून एका शुक्रवारी मी तिला विचारलं.

"आय हॅव ऑल द सॅटर्डेज, मम्मा," ती म्हणाली. तिच्या चेहऱ्यावर कितीतरी दिवसांनी उजेड आला. तिने लॅपटॉप माझ्या मांडीवर ठेवला.

ते दिसले. सोफ्याच्या कडेला, एक पाय खाली घेऊन, नेहमीसारखे. भिंतीवर पाटी आली, त्यांनी मान वर केली, ओठ हलले. आणि पियानो वाजू लागला.

मी आवाज वाढवला. पियानो वाढला. मी पुढचा शनिवार लावला, मग त्याच्या पुढचा. सगळीकडे पियानो.

"यात बाबांचा आवाज कुठे आहे?"

मुलीने लॅपटॉप स्वतःकडे ओढला, आणि मग तो तसाच धरून रडू लागली. हळूहळू कळलं ते असं. पहिली क्लिप तिने त्यांना दाखवली तेव्हा तेच म्हणाले होते, की मूकपटात ही बडबड कसली. एसीची घरघर, चिप्सचा कुरकुराट आणि मी, सगळं काढ. त्या काळी थिएटरात पियानो वाजायचा, तसा पियानो घाल. "ही सेड, टेक मी आउट," ती म्हणाली. तिने प्रत्येक वेळी तसं केलं होतं, आणि फोनमध्ये जागा हवी म्हणून मूळ क्लिपा पुसून टाकल्या होत्या. तिने ऑफिसातल्या एका जाणकाराला फोन लावला. दोन मिनिटांत खाली ठेवला. "खलास, मम्मा. ओरिजिनल्स आर गॉन."

मी तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले. तिच्यावर रागावण्यासारखं काहीच नव्हतं. राग आला तो त्यांचा, ते गेल्यानंतर पहिल्यांदाच. इतका नेमकेपणा कशाला हवा होता? बोलपट आल्यावर स्टुडिओंनी जुने मूकपट कसे संपवले ते त्यांनीच मला सांगितलं होतं. ती रिळं जागा अडवायची, पटकन पेट घ्यायची, आणि त्यांत थोडी चांदी असायची. म्हणून ती वितळवून चांदी काढून घेतली. "वैर म्हणून नाही गं," ते म्हणाले होते. "कुणाला पुन्हा बघावंसं वाटेल, हेच त्यांच्या मनात आलं नाही." एवढं समजणाऱ्या माणसाच्या मनात स्वतःबद्दल तेवढं का आलं नाही, हे मी त्या आठवड्यात पुष्कळदा मनाशी विचारलं.

पुढच्या शुक्रवारी मुलगी आली ती अपराध्यासारखी. शेजारीण पापलेटचं कालवण घेऊन आली होती. जेवण झाल्यावर मुलीने लॅपटॉप उघडला आणि पियानो बंद केला. आता नुसती चित्रं होती. नायक रात्री उशिरा घरी येतो, दारात बायको उभी, त्याच्या हातात फुलं. पाटी येते, 'मला क्षमा कर.' आमचे हे पुढे झुकतात, बोटाने फुलांकडे दाखवतात, काहीतरी बोलतात. कडेला शेजारीण हसून हसून वाकलेली दिसते.

"इथे काय म्हणाले, मम्मा?"

मी आठवायला गेले. त्या दिवशी त्यांनी कोणता शर्ट घातला होता, खोलीत कशाचा वास होता, सगळं आठवलं. वाक्य आठवलं नाही. मी शेजारी बसले होते आणि तोंडाकडे बघत होते. ऐकलंच नव्हतं की काय, कोण जाणे.

"मला नाही आठवत," मी म्हटलं.

मुलीचा चेहरा पडला. शेजारीण पुढे सरसावली. "अगं, मला आठवतं ना! भाई म्हणाले, 'ही फुलं नाहीत बाई, हा उशिरा आल्याचा मुखालफा आहे, शंभर दिरहॅम, म्हणजे झाले दोन हजारांवर रुपये!'"

मुखालफा म्हणजे इथला गाडीचा दंड. शेजारणीच्या नवऱ्याला तो दर महिन्याला बसतो, आणि त्यावरून ती त्याला सळो की पळो करून सोडते. आमच्याकडे गाडी नव्हती. दिरहॅमचे रुपये करण्याचा तर त्यांना तिटकारा होता. अशाने घास गिळता येत नाही, म्हणायचे. ते वाक्य त्यांचं नव्हतं, तिचंच होतं. ती खोटं बोलत नव्हती. तिला खरंच तसं आठवत होतं.

मुलगी मात्र हसत होती, डोळे पुसत हसत होती. "दॅट्स सो बाबा!" मग ती माझ्याकडे वळली. "म्हणाले होते ना, मम्मा?"

शेजारीणही माझ्याकडे बघू लागली. पडद्यावर ते अजून बोट दाखवून बोलत होते.

"हो," मी म्हटलं. "असंच म्हणाले होते."

मुलीने क्लिप मागे नेली आणि त्यांचे ओठ हलू लागताच ते वाक्य स्वतः म्हणून पाहिलं. ओठांशी ते जुळत नव्हतं. तिने पुन्हा मागे नेलं, थोडं भरभर म्हटलं. तिसऱ्यांदा ते बऱ्यापैकी बसलं.