काळ्या मातीखालची नदी

इहीर खणणाऱ्याले किस्स्यांची काय कमी, बाप्पा! खाली खणत जा, वर मातीचा ढीग लागते. अन् त्या ढिगावर बसून भाकर खातानी जे बोलणं होते, त्याचा ढीग वेगळाच! मातीचे ढीग पावसानं बसून गेले, बोलण्याचे अजून तसेच हायेत. चारदोन सांगतो. पण मधात बोलायचं नाही, मले राग येते!

तवा सात समुद्रापार कुठीतरी लढाई लागली होती, अन् इकडे आपल्या वऱ्हाडातल्या कापसाले असा भाव आला का लोकायनं बैलांच्या शिंगाले चांदी मढवली! आमची टोळी दर्यापूरकडच्या एका गावात होती. गावाचं नाव नाही सांगत, तिथले लोक भांडाले येतील. माती अशी, का नुसती काडी रोवा, कापूस फुटन. पण पाणी? खारं! गावातल्या धुरपताकाकूचा नवरा त्याच पाण्यानं पोट सुजून गेला. शेवटी पंचायनं ठरवलं, उन्हाळ्यातल्या अखाजीच्या सणापर्यंत गोड पाणी लागलं नाही तं गाव उठवायचं अन् पहाडाकडे न्यायचं.

काकू भर पंचात उभी राह्यली. "गाव काहून सोडता? पाणी सोडा! गोड पाणी मी काढून देतो!"

शेजारणी चांदी घेऊन राहिल्या होत्या, हिनं कापसाचा सारा पैसा इहिरीत घातला.

\*

पयली इहीर तिच्याच वावरात घेतली. काळी माती सरली, पिवळी लागली, मंग रेती लागली, अन् रेतीत काय? शिंपले! नदी तिथून कोसभर लांब!

आमचे मुकादम खंडूजी. लय विचारी माणूस, भाकर खातानीही विचार करत. त्यायनं ते शिंपले काकूच्या हातावर ठेवले. "काकू, एथं कधीकाळी भलता मोठा पूर आला असन. नदीच उचलून आणली त्यानं."

"आणली तं आणली. मंग पाणी कुठी ठेवलं मेल्यानं?"

पाणी लागलं दुसऱ्याच दिवशी. खारं! काकूनं चूळ भरली, थुकली अन् म्हणे, "बुजवा हे. दुसरी आखा!"

\*

त्याच उन्हाळ्यात कापसाच्या गाड्यांसाठी सडक निघाली. सर्वेवाला एक गोरा साहेब आला, दुभाष्या घेऊन. त्याले नाल्यावर पूल बांधायचा होता. म्हणून तो गावोगाव विचारे, पूर जास्तीत जास्त कुठवर आला?

शेजारच्या गावच्या माणसानं निंबाचा शेंडा दाखवला. मंग हे गाव मागं राहते काय? काकूचे चुलतसासरे आबाजी, गावात सगळ्यात म्हातारे. त्यायनं थेट देवळाच्या कळसाकडे बोट केलं!

साहेब म्हणे, "कोणी पाह्यलं?"

"माह्या आज्यानं! आपल्या डोळ्यानं!"

"मंग तो वाचला कसा?"

आबाजी भडकले. "वाचला कुठी? वाहूनच तं गेला!"

साहेबानं टोपी काढली, कपाळ पुसलं अन् पाणी मागतलं. गावचं पाणी पेल्यावर तो पुन्हा काही त्या गावात आला नाही.

\*

दुसऱ्या इहिरीत हाड लागलं. हाड म्हणजे कसं? दोन माणसायनं उचललं तवा वर आलं! सारं गाव पाहाले लोटलं. अकोल्याहून जोशीबुवा आले होते लग्नाले, त्याइले बोलावलं. त्यायनं हाडाभोवती फेरी मारली अन् सांगतलं, "हा राक्षस आहे. पूर्वी मोठा प्रलय झाला, त्यात बुडून मेला. काम थांबवा, शांती करावी लागेल."

आमच्या टोळीचे हात थांबले. खोटं काहून सांगू, मीही भेलो होतो. खंडूजीनंही कुदळ खाली ठेवली.

काकू पदर खोचून पुढे आली. "बुवा, राक्षस बुडून मेला म्हणता?"

"हो."

"म्हणजे पाणी होतं ना एथं? राक्षस बुडन एवढं? मंग पाहता काय रे, खणा!"

बुवा पाटावर जाऊन बसले. त्याइले जेवण काकूनंच वाढलं, पोटभर.

\*

तीही इहीर खारीच निघाली. पण तिच्या एका अंगाले गोल गोल गोटे लागले, तुळतुळीत, हातानं घासल्यासारखे. काकू काठावर वाकून पाहत होती. एकदम ओरडली, "हे तं माह्या माहेरचे!"

काकू वरूडकडची, पहाडाच्या पायथ्याची. असेच गोटे तिच्या माहेरच्या नाल्यात. लहानपणी त्याच गोट्यावर तिनं धुणं धुतलं.

खंडूजी मातीवर बोटानं रेघ मारत बसले. "काकू, पुरानं नदी आणली म्हटलं होतं ना मी? हे तिचं पात्र. तिच्यावरच माती पडली. गोटे ज्या अंगाले चालले, तिकडे गोड पाणी असन."

पहाडातून इथवर गोटे! केवढा पूर असन तो, विचार करा! पहाड सोलून आणला, नदी बुजवली अन् वरून काळी माती पांघरली. ज्या मातीच्या जिवावर लोक बैलाले चांदी मढवत होते, ती मातीच त्या पुरानं टाकलेली! त्या दिवशी मले भाकर गेली नाही.

गोट्यांची रेघ धरून चाललो. रेघ कुठी जावी? आबाजीच्या गोठ्यात!

आबाजी दारात आडवे झाले. "माह्या गोठ्यात खड्डा? मले कोणी विचारलं?"

काकूनं डोक्यावरचा पदर सारखा केला, आवाज मात्र खाली नाही केला. "मामंजी, नदीनं तरी कुठी विचारलं होतं तुमाले?"

लोक हासले. म्हाताराही हासला अन् बाजूले झाला. पण अट घातली. ज्याची जागा, पयला घोट त्याचा! रीतच होती तशी, काकूनं मान डोलावली.

\*

अखाजी तोंडावर आली. लोक गाड्याले वंगण देऊन राहिले होते, घरावरची कवेलू उतरवून राहिले होते. आमी हाताची सालं निघेतोवर खणलं. गोट्यांचा थर फोडला, अन् खालून पाणी फुटलं!

मडकं भरून वर पाठवलं. सारं गाव गोठ्याभोवती उभं. श्वास घ्याची सोय नाही. रीत म्हणून आमच्यातल्या कोणीच जीभ लावली नाही.

आबाजीनं मडकं तोंडाले लावलं. घोट घेतला. तोंड वाकडं केलं अन् फर्रकन थुकून टाकलं!

"नासकं हाय! जन्मभर पाणी पेलो, असं नाही पाह्यलं! काही चवच नाही याले!"

पंच उठले. एक जण म्हणे, "चला, गाड्या भरा." खंडूजीनं कुदळी गोळा कराले घेतल्या. मले तं रडूच आलं.

काकू पुढे झाली. मामंजीच्या हातातलं मडकं घेतलं. एक घोट घेतला. डोळे मिटले. दुसरा घेतला. मंग तिनं मडकं तोंडापासून काढलंच नाही! लुगडं भिजलं, पदर खांद्यावर आला, तरी पेतच राह्यली.

मडकं रिकामं करून तिनं तोंड पुसलं, अन् आबाजीले म्हणे, "मामंजी, तुमी घरून मीठ घेऊन या. आमी असंच पेतो!"