शेवटच्या क्षणी येणारं उत्तर

दर रविवारी दुपारी मी गावोगावच्या नातेवाइकांसाठी ऑनलाइन प्रश्नमंजूषा घेते. खेळ मीच चालवत असल्यामुळे कोणी कितव्या सेकंदाला उत्तर दिलं, तेही मला दिसतं. महिनाभर शालनमावशीचं उत्तर अगदी शेवटच्या क्षणी यायचं, आणि बरोबरच यायचं. प्रश्न आला की तिची नजर बाजूला वळायची, ओठ हलायचे. बाजूला कोणीतरी मोबाइलवर शोधून सांगतंय, असं मला वाटू लागलं. मनात संशय शिरला की समोरच्याचं साधं हसणंही चोरटं दिसतं.

गेल्या रविवारी खेळ संपल्यावर मी तिला थांबवलं. "मावशी, शेजारी कोण असतं गं?"

तिने कॅमेरा वळवला. पलंगावर काका उशीला टेकून बसले होते. पक्षाघातानंतर त्यांची वाचा गेली, असंच आम्ही सगळे धरून चाललो होतो.

"मी प्रश्न वाचते, हे उत्तर सांगतात," मावशी म्हणाली. "शब्द यायला जरा वेळ लागतो. चालत नसेल तर सांग."

मला तिच्याकडे बघवेना. महिनाभर मी तिच्यावर पाळत ठेवली होती, पण काका कसे आहेत, हे एकदाही विचारलं नव्हतं.